स्टार्च कुणाच्या जागी बसतो?

नाशिकच्या एमआयडीसीतल्या एका लहानशा सॉसच्या कारखान्यात मी अकरा वर्षं उत्पादन सांभाळलं. तिथलं माझं पहिलं भांडण पाण्याशी झालं. शेजवान सॉसच्या बाटल्या भरून बाहेर पडायच्या तेव्हा तुकतुकीत दिसायच्या. आठवडाभरात बाटलीच्या गळ्याशी बोटभर लालसर पाणी जमायचं आणि खाली चटणीचा गोळा बसायचा. चायनीजच्या गाड्यांवाले बाटल्या परत आणून टेबलावर आदळायचे. "मॅडम, पाणी सुटलंय याला." चव तीच, मसाला तोच, पण पाणी सुटलेला सॉस कुणी घेत नाही. घट्टपणासाठी आम्ही साधं कॉर्नफ्लोअर घालत होतो, म्हणजे मक्याचा जसाच्या तसा स्टार्च. व्हिनेगरच्या आंबटपणात आणि उकळीत त्याचा निभाव लागत नव्हता. मग एका विक्रेत्याने पुडीत नमुना आणून दिला. पांढराशुभ्र, बोटांत चुरला की कॉर्नफ्लोअरसारखाच करकरणारा. पुडीवर पेनाने एवढंच लिहिलेलं: १४२२.

तो घातला आणि पाणी सुटायचं थांबलं. तीन महिन्यांनी उघडलेली बाटलीसुद्धा कालच भरल्यासारखी. मालक खूश, गाडीवाले खूश. तो स्टार्च कशाचा होता, हे मात्र त्या दिवशी मी विचारलं नाही, आणि नंतरही बरीच वर्षं विचारलं नाही.

स्टार्च काढणं आपल्याला नवीन नाही. उन्हाळ्यात कुरडया करणाऱ्या घरात कुणालाही विचारा. गहू तीन दिवस भिजत घालायचे, रोज पाणी बदलायचं, आंबूस वास यायला लागला की वाटायचे, पिळून चोथा वेगळा करायचा आणि पांढरं दूध रात्रभर स्थिर ठेवायचं. सकाळी वरचं पाणी अलगद ओतून दिलं की तळाशी उरतो तो चीक. दोंडाईचाच्या किंवा चाळीसगावच्या मक्याच्या कारखान्यात याहून वेगळं काही चालत नाही. मका गंधकाचा अंश असलेल्या कोमट पाण्यात दीडदोन दिवस भिजतो, अंकुर वेगळा काढून तेलाकडे जातो, साल आणि प्रथिनं जनावरांच्या खाद्याकडे जातात, आणि रात्रभर वाट बघण्याचं काम तिथे गरगर फिरणारी यंत्रं मिनिटांत उरकतात. आमच्या घरी चोथा गाईपुढे जायचा. हिशोब तोच.

फरक पुढे पडतो. स्टार्चचा कण गरम पाण्यात फुगतो, फुगून फुटतो आणि त्यातून जे सुटतं त्याने रस्सा घट्ट होतो. आच जास्त झाली, आंबट पडलं किंवा पळीने फार घोटलं तर तो घट्टपणा मोडतो. गार झाल्यावर त्यातल्या साखळ्या पुन्हा एकमेकींना बिलगतात आणि मधलं पाणी बाहेर ढकलतात. फ्रीजमधून काढलेली मंचुरियनची ग्रेव्ही पाणचट होते ती यामुळे. मॉडिफाइड स्टार्च म्हणजे या कणावर केलेलं शिवणकाम. गोधडीला जसे मधूनमधून टाके घालतात, तसे कणाच्या आतल्या साखळ्यांना रसायनाचे टाके घालायचे, म्हणजे तो फुगतो पण फुटत नाही. शिवाय काही साखळ्यांच्या मध्ये पाचरी ठोकायच्या, म्हणजे गार झाल्यावर त्या बिलगत नाहीत. १४२२ मध्ये टाकेही आहेत आणि पाचरीही. १४४२ मध्ये दोन्ही वेगळ्या रसायनांचे. १४५० ला तेलाची ओढ लावलेली असते, त्यामुळे तो तेल आणि पाणी एकत्र धरून ठेवतो. १४०० पासून १४५१ पर्यंतचे पाकिटांवरचे बहुतेक आकडे हे याच खानदानातले.

इथे एक शंका आधी निकालात काढते, कारण या विषयावर फिरणारे निम्मे संदेश तिथेच अडकलेले असतात. हे विष नाही. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न आणि आरोग्य संघटनांच्या तज्ज्ञ समितीने या स्टार्चना रोजच्या सेवनाची आकड्यातली मर्यादा घालण्याची गरज मानलेली नाही, आणि युरोपच्या अन्नसुरक्षा संस्थेने २०१७ मध्ये सगळी माहिती पुन्हा तपासून तोच निष्कर्ष काढला. जास्त स्टार्च म्हणजे जास्त पिष्ट, एवढं मधुमेह्याने लक्षात ठेवावं. ते तर बटाट्यालाही लागू आहे. ‘केमिकल’ हा शब्द ऐकून घाबरणाऱ्यांशी मला वाद घालायचा नाही. त्यांनी उगाच चुकीच्या दारावर धडका मारू नयेत, इतकंच म्हणणं आहे.

बरोबर दार कोणतं, ते मला सीमाशुल्काच्या पुस्तकात सापडलं. जगभरचा माल ज्या क्रमांकांखाली बंदरातून आत-बाहेर होतो, त्या यादीत साधा स्टार्च ११ व्या प्रकरणात आहे, मैदा आणि रव्याच्या शेजारी. तिथे पोटविभाग झाडांप्रमाणे केलेले आहेत: गव्हाचा वेगळा, मक्याचा वेगळा, बटाट्याचा वेगळा, कसाव्याचा वेगळा. मॉडिफाइड स्टार्च मात्र त्या प्रकरणात नाहीच. तो ३५ व्या प्रकरणात बसतो, सरस, जिलेटिन आणि एन्झाइम यांच्या पंगतीत, आणि तिथे झाडाचं नाव पुसलेलं असतं. मक्याचा असो, कसाव्याचा असो, बटाट्याचा असो, क्रमांक एकच. दाण्याला टाके घातले की त्याचं गाव आणि आडनाव दोन्ही जातात. सरकारी कागदावर जातात तसेच पाकिटावरही.

यात बिघडतं काय, असं कुणी विचारेल. त्यासाठी स्टार्चच्या व्यापाराचा स्वभाव ओळखावा लागतो. हा सगळा व्यापार कुणाच्या तरी जागी जाऊन बसण्याचा आहे. जे महाग झालं, मिळेनासं झालं, युद्धाने अडकलं, त्याची रिकामी खुर्ची स्टार्च पकडतो. १९४२ मध्ये जपानने जावा बेट घेतलं आणि अमेरिकेला तिथून येणारा टॅपिओका, म्हणजे कसाव्याच्या कंदाचा स्टार्च, बंद झाला. पुडिंगपासून चिकटपट्टीपर्यंत अडचण आली. तेव्हा तिथल्या संशोधकांना एका विचित्र मक्याची आठवण झाली. १९०८ मध्ये चीनमधल्या एका मिशनऱ्याने धाडलेलं ते बियाणं तोवर अभ्यासाची गंमत म्हणून जपलेलं होतं. त्याचा दाणा मेणासारखा दिसतो म्हणून नाव वॅक्सी, आणि त्याचा स्टार्च जवळपास टॅपिओकासारखा वागतो. युद्धात तो शेतात उतरला आणि युद्ध संपल्यावर परत गेला नाही. आज सॉस आणि गोठवलेल्या पदार्थांसाठी टाके घालायला सगळ्यात लाडका मका तोच.

त्याच युद्धाने आपल्या उपवासाचंही ताट बदललं. मलायाकडून येणारा साबुदाणा थांबला तेव्हा, १९४३ च्या सुमारास, सेलमचे माणिकम चेट्टियार यांनी केरळकडच्या कसाव्याच्या कंदापासून साबुदाणा करायला घेतला. मूळ साबुदाणा सॅगो नावाच्या ताडजातीच्या झाडाच्या गाभ्यातला. आपण खातो तो त्याच्या जागी बसलेला. १९८१ मध्ये सेलमला साबुदाणा-स्टार्च उत्पादकांची ‘सॅगोसर्व्ह’ ही सहकारी संस्था उभी राहिली, २०२३ मध्ये सेलमच्या साबुदाण्याला भौगोलिक मानांकन मिळालं. त्याचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक कोण, हे श्रावणात किराणा दुकानासमोर उभं राहिलं की कळतं. (जाता जाता: खिचडीतला साबुदाणा, शेंगदाणा, बटाटा आणि हिरवी मिरची, चारही अमेरिका खंडातले. आपल्या आज्यांनी त्यांना उपवासाला चालवून घेतलं आणि तांदळाला मात्र बाहेर बसवलं. या निवाड्याचं मला कायम कौतुक वाटत आलं आहे.)

आता गंमत संपते. सेलम-नामक्कल भागातले कसावा पिकवणारे शेतकरी वर्षानुवर्षे एक तक्रार करत आहेत: काही कारखाने कसाव्याच्या स्टार्चमध्ये स्वस्त मक्याचा स्टार्च मिसळून साबुदाणा पाडतात आणि कंदाचा भाव पडतो. मका हे धान्य. तो उपवासाला चालत नाही. म्हणजे असा भेसळीचा दाणा पंढरपूरच्या वाटेवर एकादशीला पोटात गेला तर कसावावाल्याचं उत्पन्न बुडालं आणि वारकऱ्याचा उपवासही. दोघांनाही पत्ता नाही. आयोडिनचा थेंब टाकून हे पकडता येत नाही, दोन्ही स्टार्च निळेच होतात. सूक्ष्मदर्शकाखाली कसाव्याचा कण गोलसर, एका बाजूने छाटल्यासारखा दिसतो, मक्याचा कोनदार. दळून शिजवून दाणा पाडल्यावर तेही धूसर होत जातं. घरातल्या बाईने काय करायचं?

पनीरचंही तेच. मार्च २०२५ मध्ये आमदार विक्रम पाचपुते यांनी नकली पनीरचा प्रश्न विधानसभेत नेला आणि चार दिवस टीव्हीवर तेच चाललं. वनस्पती तेल, स्टार्च आणि आणखी दोन-चार गोष्टींचं ते मिश्रण विकणं हा स्वतःत गुन्हा नाही. त्याला ‘ॲनालॉग’ म्हणावं लागतं, दुधाचं नाव लावता येत नाही. पण हॉटेलच्या मेनूवर कोण ‘ॲनालॉग बटर मसाला’ लिहिणार? दुधाच्या जागी स्टार्च बसला, दुधाचा भाव लागला, आणि दूध घालणारा शेतकरी डेअरीच्या दारात फॅटच्या पॉइंटवरून हुज्जत घालत राहिला. माझ्या सॉसच्या बाटलीतही तेच होत होतं, हे मान्य करते. १४२२ आल्यावर मालकांनी हळूहळू मिरची आणि लसणाची पेस्ट कमी केली. घट्टपणा स्टार्च देतोच, रंग वेगळा मिळतो, मग मिरचीचं वजन कशाला वाढवायचं? बाटलीच्या चित्रावर मात्र पहिल्याइतक्याच मिरच्या राहिल्या.

मॉडिफाइड स्टार्चची मागणी वाढते आहे ती गोठवलेले पराठे, तयार ग्रेव्ही, कपातले नूडल्स, कमी फॅटचं दही आणि सॅलडवरची क्रीम यांच्यामुळे. घरात शिजवायला वेळ नसलेल्या शहरांची ती वाढ आहे, त्यात नाक मुरडण्यासारखं काही नाही. सुदान हा डिंकाचा, म्हणजे गम अरेबिकचा, जगातला सगळ्यात मोठा उत्पादक. तिथे एप्रिल २०२३ मध्ये यादवी सुरू झाली आणि शीतपेयांचे कारखानदार पुन्हा १४५० कडे बघू लागले, कारण पेयातलं सुगंधी तेल तरंगू न देण्याचं डिंकाचं काम तोही करतो. युद्ध आलं की खुर्ची रिकामी, खुर्ची रिकामी झाली की स्टार्च हजर. या व्यापारातल्या मोठ्या कंपन्यांना हे चांगलं ठाऊक आहे. अमेरिकेच्या कॉर्न प्रॉडक्ट्सने २०१० मध्ये नॅशनल स्टार्च विकत घेतली आणि दोन वर्षांनी स्वतःचं नाव बदलून इन्ग्रेडिऑन केलं. नावातला मका गेला, ‘घटक’ आला. मला ते नामांतर फार बोलकं वाटतं.

युरोप-अमेरिकेतल्या गिऱ्हाइकाला पाकिटावर ‘मॉडिफाइड’ हा शब्द नको झाला आहे. त्यामुळे रसायनाऐवजी नुसत्या उष्णतेने आणि ओलाव्याने टणक केलेले स्टार्च निघाले आहेत. काम तेच करतात, आणि पाकिटावर फक्त ‘स्टार्च’ लिहून चालतं. याला तिकडे स्वच्छ लेबल म्हणतात. लेबल स्वच्छ झालं ते खरं. त्यावरची माहिती आणखी कमी झाली. आपले निर्यातदारही त्या दिशेने निघाले आहेत, कारण भाव तिथे चांगला मिळतो.

आता आपल्या मक्याकडे येते. माझा मामेभाऊ येवल्याकडे मका करतो. २०२५ च्या दिवाळीनंतर तो ट्रॅक्टर घेऊन बाजार समितीत गेला. व्यापाऱ्याच्या माणसाने ढिगात ओलावा मोजायचं यंत्र खुपसलं. "अठरा." चौदाच्या वर गेलं की कपात. भाऊ म्हणाला, दोन दिवस उन्हात पसरू द्या. माणूस म्हणाला, पसरा की, उद्याचा भाव उद्या. हमीभाव क्विंटलला २,४०० रुपये होता. त्याच्या पदरात सोळाशेच्या आत-बाहेर पडले. रात्री फोनवर मला म्हणाला, "ताई, गेल्या साली सगळे सांगत होते, मका लाव, मक्याचं सोनं होणार."

सांगणाऱ्यांचं फार चुकलं नव्हतं. डिसेंबर २०२३ मध्ये केंद्राने उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर बंधन आणलं. पुढच्याच महिन्यात तेल कंपन्यांनी मक्याच्या इथेनॉलला लिटरमागे ५ रुपये ७९ पैसे वाढवून दर ७१ रुपये ८६ पैशांवर नेला. मका अचानक इंधन झाला. जो देश एक-दोन वर्षांपूर्वी बांगलादेश-व्हिएतनामला मका विकत होता, तो २०२४ मध्ये म्यानमार आणि युक्रेनकडून मका आणू लागला. कोंबडीवाले ओरडले, स्टार्चवाले ओरडले, आयात खुली करा म्हणाले. शेतकऱ्याने मात्र क्षेत्र वाढवलं आणि देशाचं पीक चार कोटी टनांच्या पुढे गेलं. मग जानेवारी २०२५ मध्ये अन्न महामंडळाच्या तांदळाचा दर इथेनॉलसाठी क्विंटलला २,८०० वरून २,२५० वर आणला गेला. डिस्टिलऱ्या तांदळाकडे वळल्या. मक्याचा नवा हंगाम आला तेव्हा त्याची खुर्ची तांदळाने पकडलेली होती. दिल्लीत पेन हललं की येवल्यात ओलावा वाढतो, असं भाऊ म्हणतो ते अगदीच खोटं नाही.

या सगळ्यात एक गोष्ट मला खटकत राहिली. पेट्रोलच्या जागी इथेनॉल बसलं तेव्हा त्याचं प्रमाण देशाला पाठ झालं. ई-२० म्हणजे शंभरात वीस. पंपावर ते लिहिलेलं आहे, गाडीच्या झाकणावर लिहिलेलं आहे, त्यावर चॅनेलवर वाद झाले, गाड्यांचे मालक मायलेजवरून भांडले. भांडू शकले, कारण आकडा माहीत होता. त्याच मक्यातला, त्याच दाण्यातला तोच स्टार्च माझ्या मुलाच्या जेवणात बसतो तेव्हा शंभरात किती, कशाच्या जागी आणि कोणत्या झाडाचा, यातलं एकही कुणी सांगत नाही. स्कूटरच्या टाकीला जेवढा मान आहे तेवढा तरी पोटाला मिळावा.

आजचा नियम काय आहे? घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने लिहायचे. मॉडिफाइड स्टार्च असेल तर ‘थिकनर’ किंवा ‘स्टॅबिलायझर’ म्हणून त्याचं नाव किंवा क्रमांक द्यायचा. टक्केवारी सांगायची ती ज्या घटकाचा पाकिटावर डंका पिटला आहे त्याची. भाषा इंग्रजी किंवा हिंदी. मराठी छापायची की नाही ही कंपनीची मर्जी. परिणाम असा की नियम पुरेपूर पाळूनही काही सांगितलं जात नाही. १४२२ हा आकडा वाचून मक्याचं शेत कुणाच्या डोळ्यासमोर येणार आहे?

माझं मागणं साधं आहे. स्टार्चच्या आधी झाडाचं नाव लिहा: मक्याचा, कसाव्याचा, बटाट्याचा. तो दुधाच्या, टोमॅटोच्या, मिरचीच्या, मांसाच्या जागी बसला असेल तर पुढच्या बाजूला, चित्राच्या शेजारी, किती टक्के ते लिहा. आणि ज्या राज्यात विकता त्या राज्याच्या भाषेत लिहा. सीमाशुल्काच्या यादीतल्या पहिल्या सहा आकड्यांवर जगाची मालकी आहे, पण शेवटचे दोन आपले आपण ठरवतो. ३५ व्या प्रकरणातल्या स्टार्चला तिथे झाडाप्रमाणे फाटे फोडायला कुणाची परवानगी लागत नाही.

हा फाटा कागदी हट्ट नाही. व्यापाराची भांडणं होतात ती झाडावरून. चीनने २००७ मध्ये युरोपच्या बटाटा स्टार्चवर डम्पिंगविरोधी शुल्क बसवलं, कारण त्यांच्या बटाट्याच्या शेतकऱ्याला आणि कारखान्याला त्याची झळ लागत होती. नेमकं कुठल्या झाडाचा माल कुणाला झोडपतो आहे हे त्यांना कागदावर दाखवता आलं. उद्या बाहेरचा मॉडिफाइड स्टार्च स्वस्तात येऊन खानदेशच्या मक्याला किंवा सेलमच्या कंदाला मारू लागला, तर आपण कोणता कागद दाखवणार? अमेरिकेचे व्यापारमंत्री हॉवर्ड लुटनिक यांनी २०२५ मध्ये जाहीरपणे सुनावलं होतं की भारत आपल्या १४० कोटी लोकसंख्येचा तोरा मिरवतो, पण आमचा एक बुशेलभर मका घेत नाही. तिकडचा मका बहुतांश जनुक बदललेला. आपल्याकडे तसा मका पेरायला परवानगी नाही, आणि मार्च २०२१ पासून मक्यासह २४ पिकांच्या आयात मालाला जनुक-बदल नसल्याचा दाखला लागतो. जनुक बदललेला मका चांगला की वाईट, हा वाद मी इथे उकरत नाही. पण दाण्याला दारात अडवायचं आणि त्याच दाण्याचा स्टार्च सरसाच्या पंगतीतून आत आला तर झाडाचं नावही विचारायचं नाही, ही कुठली राखण? स्टार्च इतका धुऊन निघालेला असतो की त्यातून मूळ दाण्याच्या जनुकांची ओळख पटवणं अवघड. तिथे नाव हाच पुरावा.

कारखानदारांचं म्हणणं मला माहीत आहे, कारण मीच ते अकरा वर्षं मांडत होते. भावाप्रमाणे माल बदलावा लागतो. या महिन्यात मक्याचा, पुढच्या महिन्यात कसाव्याचा, दर वेळी लेबल कुठून छापू? अडचण खरी आहे, पण वाटते तेवढी मोठी नाही. बॅच नंबर आणि तारीख प्रत्येक बाटलीवर त्या दिवशी छापावीच लागते. त्याच यंत्राने ‘मका’ किंवा ‘कसावा’ ही दोन-तीन अक्षरं छापायला जास्तीची शाई किती लागेल? शिवाय गव्हाचा असेल तर ग्लुटेनमुळे सांगावंच लागतं, म्हणजे माल वेगळा ठेवायची आणि नोंद करायची सवय आहेच. दुसरं म्हणणं असं की लोक घाबरतील. लोक आकड्याला घाबरतात, मक्याला नाही. तिसरं म्हणणं कुणी मोठ्याने बोलत नाही: टक्केवारी लिहिली तर स्टार्च किती आणि मिरची किती हे शेजारच्या बाटलीशी ताडून बघता येईल. तिथे मात्र माझ्याकडे त्यांच्यासाठी सहानुभूती नाही.

शेतकऱ्याच्या बाजूनेही एक प्रश्न येतो, आणि तो जास्त अवघड आहे. लेबलवर ‘मका’ लिहिल्याने माझ्या भावाच्या क्विंटलमागे किती रुपये वाढणार? खरं सांगायचं तर उद्या एकही नाही. मक्याचं मोठं गिऱ्हाईक कोंबडी आहे, मग डिस्टिलरी, स्टार्चचा कारखाना त्यांच्या मागे उभा. पण कोंबडीला आणि डिस्टिलरीला फक्त वजन हवं असतं. मका महाग झाला की ती तांदळाकडे, तुकड्याकडे वळतात, आणि त्यांना वळवणारं पेन दुसऱ्याच्या हातात असतं. स्टार्चच्या कारखान्याला मात्र दाण्याचा गुण लागतो. वॅक्सी मक्याचं तर रानही वेगळं राखावं लागतं, नाहीतर शेजारच्या साध्या मक्याचे पराग पडून दाणा बिघडतो. त्यामुळे तिथे बियाणं, पेरणी आणि भाव यांचा करार आधीच करावा लागतो. शेतकऱ्याला ओळखल्याशिवाय ज्याचं काम चालत नाही असं हे एकच गिऱ्हाईक. ते वाढावं, दोंडाईचा-चाळीसगावच्या जोडीला आणखी दोन ठिकाणी उभं राहावं, यासाठी सरकारने सवलत द्यावी असं मला वाटतं. सहकारी साखर कारखान्यांना मका आणि तांदळापासून इथेनॉल करायला व्याजात सूट देताना केंद्राने हात आखडता घेतला नाही. टाके घालणाऱ्या यंत्रांना दिली तर काय बिघडतं? अट एवढीच घालावी की या सवलतीतून जो स्टार्च निघेल, तो शेवटच्या पाकिटापर्यंत झाडाच्या नावाने जाईल.

कारखाना सोडायच्या आधीच्या वर्षी मी मालकांच्या मागे लागून एका बॅचच्या लेबलवर मराठीत छापून घेतलं: ‘घट्टपणासाठी मक्याचा स्टार्च, १०० ग्रॅममध्ये ४ ग्रॅम’. मालक म्हणाले होते, खप पडला तर तुमच्या पगारातून. खप पडला नाही आणि वाढलाही नाही. एकच फोन आला, नाशिकच्याच द्वारका चौकाजवळ चायनीजची गाडी लावणाऱ्या एकाचा. तक्रार नव्हती. "मॅडम, मक्याचा लिहिलंय म्हणून विचारतो. आमची घरची चार एकर मका आहे सिन्नरला. हा आपल्याच इकडचा मका का?"

मी गोडाऊनमध्ये जाऊन गोणी उलटीपालटी करून बघितली. लॉट नंबर होता, क्रमांक होता, मुदत होती, विक्रेत्याचा मुंबईचा पत्ता होता. गोणी हातात धरून मी त्याला सांगितलं की तेवढं काही लिहिलेलं नाही.